कापूस, कायदा आणि खानदेशातल्या बाया

गिरणाकाठच्या भडगावात १८७० च्या दशकात इंग्रज सरकारची प्रायोगिक शेती होती. कापसाचे वाण, खत, पेरणीच्या रीती तिथे तपासल्या जात. त्याच मुलखात जामद्याच्या बंधाऱ्यातून कालवे काढले गेले होते. सरकारला खानदेशातल्या कापसाची एवढी काळजी वाटायला कारण होते. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिथला कापूस इंग्लंडला पोचेना आणि लँकेशायर परगण्यातल्या गिरण्या बंद पडू लागल्या. तेव्हापासून मँचेस्टरच्या गिरणीवाल्यांची नजर खानदेश-वऱ्हाडाकडे वळली. खानदेशचे कलेक्टर अ‍ॅशबर्नर यांनी हिंगणघाटी कापसाचे बी इथल्या शेतकऱ्यांत पसरवले. त्याच दशकात मुंबईकडून भुसावळपर्यंत रेल्वे आली आणि कापसाच्या गाठींना बंदराची वाट मोकळी झाली.

या कापसाचे वाण, वजन आणि दर सरकारी कागदांत तपशिलाने सापडतात. तो निंदणाऱ्या, वेचणाऱ्या आणि त्याची सरकी काढणाऱ्या बायांची नावे मात्र कुठे नाहीत. समुद्रापलीकडे लँकेशायरमध्ये त्याच कापसाचे कापड विणणाऱ्यांतही निम्म्याहून अधिक बायाच होत्या. म्हणून इंग्रजी अमलातल्या स्त्रियांचा इतिहास बघायचा तर ही दोन्ही टोके एकदम धरावी लागतात. तसे केले की दोन लाडक्या समजुती टिकत नाहीत. एक, साहेब आला आणि त्याने इथल्या बाईला वर काढले. दुसरी, साहेब येण्याआधी तिचे सगळे बरे चालले होते.

घरातली चरकी, गावातला जिन

यंत्रे येण्यापूर्वी कापसातून सरकी वेगळी करण्याचे काम घरोघरी लाकडी चरकीवर होई. दोन लाटांमधून रुई पुढे जाई आणि सरकी मागे पडे. हे काम आणि सूत कातणे, दोन्ही मुख्यतः बायांच्या हातचे होते. घरचे आवरून, पोराला मांडीवर घेऊन, सवडीने करता येईल असे हे काम होते आणि त्यातून चार पैसे बाईच्या हाती पडत. विलायती सूत आणि कापड बाजारात स्वस्त मिळू लागल्यावर आधी कताई बसली. पुढे वाफेवर चालणारे जिन आले आणि चरकीही अडगळीत गेली.

काम घरातून गेले, पण बाईचे कष्ट संपले नाहीत. तीच बाई आता मजुरीने जिनात जाऊ लागली. जळगाव, धुळे, पाचोरा, चाळीसगाव, अमळनेर या सगळ्या पट्ट्यात जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने उभे राहिले. हंगाम दिवाळीनंतरचा. कापूस येत राही तोवर यंत्र थांबवायचे नाही, असा मालकांचा हिशेब असे.

१८८५ मध्ये मुंबई सरकारच्या फॅक्टरी कमिशनपुढे खानदेशातल्या या कारखान्यांबद्दल साक्षी झाल्या. त्यांतून समोर आलेले चित्र अंगावर काटा आणणारे आहे. पहाटे चार-पाचला सुरू झालेले काम रात्री सात, आठ, कधी नऊपर्यंत चाले. कापसाचा रेटा आला की दिवसरात्र, सलग कित्येक दिवस. जिनांवर काम करणाऱ्यांत बहुसंख्य बाया होत्या. बदली माणसे इतकी थोडी ठेवलेली असत की जेवायला किंवा झोपायला उठणे हीच चैन ठरे.

मग कायदा काय करत होता? हिंदुस्थानातला पहिला फॅक्टरी कायदा १८८१ चा. तो मुख्यतः लहान मुलांच्या कामाच्या तासांबद्दल होता. मोठ्या बाईच्या तासांबद्दल त्यात काहीच नव्हते. शिवाय वर्षातून चार महिन्यांहून कमी चालणारे कारखाने त्याच्या कक्षेबाहेर होते. हंगामी जिन त्यातून सहज निसटले. १८९१ च्या कायद्याने बायांच्या कामाला दिवसाला ११ तासांची मर्यादा आणि मधे दीड तासाची सुट्टी घातली. हंगामी कारखाने कायद्याखाली यायला १९११ उजाडले. त्या कायद्याने बायांच्या रात्रपाळीवर बंदी आणली, पण कापसाच्या जिनांना त्यातून सवलत दिली. ज्या ठिकाणी रात्रीचे काम सगळ्यांत जास्त होते, नेमके तेच ठिकाण वगळले गेले.

याच इंग्रज सरकारने स्वतःच्या देशात कापडगिरण्यांतल्या बायांसाठी दहा तासांचा कायदा १८४७ मध्येच केला होता. गंमत अशी की हिंदुस्थानात फॅक्टरी कायदा व्हावा म्हणून लँकेशायरचे गिरणीमालक जोर लावत होते आणि तो होऊ नये म्हणून मुंबईचे गिरणीमालक. पहिल्यांना मुंबईच्या गिरण्यांची स्पर्धा नको होती, दुसऱ्यांना नफ्यातली तूट नको होती. मजूर बाईच्या बाजूने बोलणारे थोडेच होते. त्यांत सत्यशोधक नारायण मेघाजी लोखंडे अग्रणी. २४ एप्रिल १८९० रोजी त्यांनी मुंबईत सुमारे दहा हजार गिरणी कामगारांची सभा भरवली. आठवड्याची सुट्टी मागणाऱ्या त्या सभेत दोन कामगार स्त्रियाही बोलल्या. दीड महिन्यात, १० जून १८९० रोजी, मुंबईच्या गिरणीमालकांनी आठवड्याची सुट्टी मान्य केली.

बाळंतपणाच्या रजेसाठी यानंतर जवळपास चाळीस वर्षे गेली. मुंबई इलाख्याचा मातृत्व लाभ कायदा १९२९ चा, देशातला असा पहिलाच. मुंबई कायदेमंडळात त्याची बाजू घेणाऱ्यांत डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते.

पाट, काडीमोड आणि हायकोर्ट

गिरणीबाहेरच्या आयुष्यातही कायदा शिरला आणि तिथे त्याची चाल अधिक गुंतागुंतीची होती. १८५६ चा विधवा पुनर्विवाहाचा कायदा आपण शाळेत सुधारणेचा मैलाचा दगड म्हणून शिकतो. ज्या जातींत विधवेला पुन्हा लग्न करायला बंदी होती, तिथे तो खरोखर मैलाचा दगड होता. पण खानदेशातल्या शेतकरी, कारागीर आणि आदिवासी समाजांत विधवेने पाट लावणे ही जुनी रीत होती. नवऱ्याशी पटले नाही तर पंचांसमोर काडीमोड होई आणि त्यानंतरही बाई पाट लावी. या बायांना नव्या कायद्याने नवीन काहीच दिले नाही.

उलट घेतले. त्या कायद्याचे दुसरे कलम सांगते की विधवेने पुनर्विवाह केला की पहिल्या नवऱ्याच्या मिळकतीवरचा तिचा हक्क संपला. ज्या जातींत पाटाची रीत आधीपासून होती, त्यांना हे कलम लावायचे की नाही? अलाहाबाद हायकोर्ट म्हणाले, लावायचे नाही. मुंबई हायकोर्टाने १८९६ मध्ये नेमका उलटा निकाल दिला. म्हणजे कुणबी बाईने जुन्या रीतीप्रमाणे पाट लावला तरी तिच्या आधीच्या घरची जमीन दिराकडे किंवा पुतण्याकडे जाणार. एका समाजातल्या बाईची बेडी तोडायला केलेला कायदा दुसऱ्या समाजातल्या बाईला महाग पडला.

दुसरे उदाहरण रखमाबाईंचे. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या या मुंबईच्या मुलीने मोठेपणी नवऱ्याकडे नांदायला जायचे नाकारले. नवरा दादाजी भिकाजी १८८४ मध्ये कोर्टात गेला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला. अपिलानंतर प्रकरण फिरले आणि १८८७ मध्ये त्यांना सांगण्यात आले की नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. त्यांनी तुरुंगाची तयारी दाखवली. अखेर १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली. पुढे रखमाबाई लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि सुरत व राजकोटला त्यांनी आयुष्यभर रुग्णसेवा केली.

नांदायला जाण्याची कोर्टाकरवी सक्ती हा आपल्या धर्मशास्त्राचा भाग असावा, अशी बहुतेकांची समजूत असते. ही सक्ती आली होती इंग्लंडच्या कायद्यातून. इंग्लंडने स्वतःच्या बायकांसाठी त्यातली तुरुंगाची शिक्षा १८८४ मध्ये काढून टाकली. तीन वर्षांनंतर मुंबईत रखमाबाईंना त्याच शिक्षेची भीती घातली जात होती.

इंग्रज बाईची तेव्हाची स्थितीही बघायला हवी. लग्न झाले की तिची मिळकत, तिची मजुरीसुद्धा, कायद्याने नवऱ्याची होई. १८७० च्या कायद्याने तिची कमाई तिची झाली आणि १८८२ च्या कायद्याने तिला स्वतःच्या नावावर सर्व प्रकारची मिळकत ठेवता आली. आपल्याकडे स्त्रीधन ही कल्पना शास्त्रांत शतकानुशतके होती. त्याच १८८२ साली, खानदेशाला लागून असलेल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्रीपुरुषतुलना’ हे पुस्तक प्रसिद्ध केले. एका विधवेला झालेल्या शिक्षेवरून वर्तमानपत्रांत बायकांवर चिखलफेक चालली होती, त्याला त्यांनी दिलेले ते उत्तर. पुरुषांच्या दुटप्पीपणावर इतके थेट बोट तोवर मराठीत कुणी ठेवले नव्हते.

जाते, आखाजी आणि गौराई

कायदा आणि कारखाना यांच्या पलीकडे बाईचा दिवस कसा जाई? मोठा भाग कष्टात. पहाटे दळण, मग पाणी, भाकरी, शेत, पुन्हा भाकरी. पण या कष्टांच्या फटींतच तिने आपली जागा केली होती. जात्यावर दोघी बसत आणि ओव्या सुरू होत. सासूबद्दल उघड बोलता न येणारे ओवीत बोलता येई. साने गुरुजींनी अशा ओव्या जमवून त्यांवर ‘स्त्री जीवन’ लिहिले. अमळनेरच्या शाळेत शिकवणाऱ्या या माणसाला बायांच्या तोंडी वाङ्मयाची किंमत पुस्तकी पंडितांच्या आधी कळली.

सासुरवाशिणीचा हक्काचा सण म्हणजे आखाजी. अक्षय तृतीयेला लेक माहेरी येते, गौराई बसते, निंबाच्या झाडाला झोके बांधले जातात, खापरावरची पुरणपोळी आणि आमरस होतो. त्या दिवसांत लेकीने कामाला हात लावायचा नाही. श्रावणात कानबाईचे रोट आणि भादव्याच्या पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत पोरींची गुलाबाई, हे त्याच वर्तुळातले. याच काळात लँकेशायरच्या गिरणगावांत वर्षातून एक आठवडा सगळ्या गिरण्या बंद असत आणि गावची गावे रेल्वेने ब्लॅकपूलच्या समुद्रावर लोटत. कामाच्या रगाड्यातून सुटण्याचे दिवस दोन्हीकडच्या बायांना होते. फरक असा की तिकडच्या बाईच्या हातात तिने स्वतः कमावलेले पैसे असत आणि इकडच्या लेकीची सुटका भाऊ मुऱ्हाळी होऊन न्यायला येतो की नाही यावर अवलंबून असे.

विसाव्या शतकात गावोगाव पिठाची गिरणी आली. पहाटेचे दोन तास वाचले आणि हाताचे घट्टे गेले. त्याबरोबर दोन बायांनी समोरासमोर बसून मन मोकळे करण्याची रोजची वेळही गेली. त्या काळाचा सगळ्यांत मोठा साक्षीदार म्हणजे बहिणाबाई चौधरी. २४ ऑगस्ट १८८० ला असोद्यात जन्म, तेराव्या वर्षी लग्न होऊन जळगावला, तिशीत वैधव्य, मग शेती आणि तीन मुले. अक्षरओळख नव्हती. शेतात आणि जात्यावर त्या गात गेल्या आणि मुलगा सोपानदेव व नात्यातल्या मंडळींनी जेवढे जमले तेवढे टिपून ठेवले. ३ डिसेंबर १९५१ ला त्या गेल्या आणि पुढच्या वर्षी आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह त्यांची गाणी छापून आली. त्यांच्या हयातीत खानदेशात शाळा, रेल्वे, छापखाना, वर्तमानपत्रे सारे आले होते, पण अक्षरे त्यांच्यापर्यंत पोचली नाहीत. आज उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ त्यांच्या नावाने ओळखले जाते.

पाटी-पुस्तक आणि तुरुंग

बहिणाबाई निरक्षर राहिल्या यात नवल नव्हते. १९०१ च्या जनगणनेत देशभरात शंभर बायांमागे साक्षर बाई एकही भरत नव्हती. इंग्लंडने १८७० मध्ये प्राथमिक शिक्षणाचा कायदा केला आणि शतकाच्या अखेरीस तिथली जवळपास प्रत्येक नवरी लग्नाच्या नोंदवहीत स्वतः सही करू लागली. इकडे मुलींच्या शाळांचे ओझे प्रामुख्याने सावित्रीबाई आणि जोतीराव फुले, पंडिता रमाबाई, महर्षी कर्वे अशा लोकांनी आणि काही मिशनऱ्यांनी उचलले.

धुळ्याचाही त्यात एक धागा आहे. १८७९ मध्ये न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांची धुळ्याला बदली झाली. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाचे दिवस होते आणि सरकारचा रानड्यांवर संशय होता. त्यांचे टपाल फोडून वाचले जाई. त्यांच्याबरोबर आलेल्या त्यांच्या पत्नी रमाबाई तेव्हा सतरा वर्षांच्या होत्या. घरातल्या बायकांचा विरोध सोसत त्या नवऱ्याकडून शिकत होत्या. याच रमाबाईंनी पुढे १९०९ मध्ये पुण्याच्या सेवासदनाची उभारणी केली आणि आठवणींचे पुस्तक लिहून एका घराच्या आतली घुसमट मराठीत आणली.

स्वातंत्र्याच्या चळवळीने उंबरठा ओलांडायला आणखी एक कारण दिले. डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचे पहिले ग्रामीण अधिवेशन खानदेशातल्या फैजपूरला झाले. एरवी शहरातल्या मंडपात होणारे अधिवेशन तिथे आसपासच्या खेड्यांतल्या बायांनी पायी येऊन पाहिले. १९४२ च्या ‘चले जाव’ आंदोलनात स्वातंत्र्यसैनिक डॉ. उत्तमराव पाटील यांच्या पत्नी लीलाताई पाटील अमळनेर परिसरात थेट उतरल्या. त्यांनी तुरुंगवास भोगला आणि भूमिगत राहूनही काम केले. दोन पिढ्यांपूर्वी ज्या मुलखात बाईने कोर्टाची पायरी चढणे म्हणजे घराची अब्रू जाणे होते, तिथली बाई आता आरोपी म्हणून ताठ उभी होती.

मताचा अधिकार

१९०१ च्या मार्चमध्ये लँकेशायरच्या कापडगिरण्यांतल्या बायांनी मताधिकारासाठी पार्लमेंटला अर्ज दिला. त्यावर २९,३५९ सह्या होत्या, सगळ्या गिरणीतल्या कामगार बायांच्या. मताची चळवळ म्हणजे श्रीमंत बायकांचा छंद, ही टीका त्या अर्जाने खोटी पाडली. पहिल्या महायुद्धात पुरुष आघाडीवर गेल्यावर बायांनी दारूगोळ्याचे कारखाने चालवले. १९१८ मध्ये तिशी ओलांडलेल्या आणि मिळकतीची अट पुरी करणाऱ्या बायांना मत मिळाले. पुरुषांच्या बरोबरीने मत मिळायला १९२८ उजाडले.

आपल्याकडे डिसेंबर १९१७ मध्ये सरोजिनी नायडूंच्या नेतृत्वाखाली स्त्रियांचे शिष्टमंडळ भारतमंत्री माँटेग्यूंना भेटले. १९१९ च्या सुधारणांत लंडनने स्त्रियांच्या मताचा प्रश्न प्रांतांवर सोपवला. मद्रासपाठोपाठ मुंबई इलाख्याने १९२१ मध्ये स्त्रियांना मत दिले. अट मात्र मिळकतीची होती आणि मिळकत बाईच्या नावावर असायची कुठे? सारा भरणारा खातेदार बहुतेक वेळा बाप, नवरा किंवा मुलगा. १९३५ च्या कायद्याने अटी सैल केल्या आणि देशभरात सुमारे साठ लाख स्त्रियांना मत मिळाले. सरसकट मत दिले ते स्वतंत्र भारताच्या राज्यघटनेने.

इंग्लंडच्या बाईला बरोबरीचे मत मिळायला पहिल्या मागणीपासून साठ वर्षांहून अधिक लागली. भारताने पहिल्याच सार्वत्रिक निवडणुकीत ते दिले. त्या निवडणुकीच्या यादीसाठी उत्तर भारतातल्या लाखो बायांनी स्वतःचे नाव न सांगता ‘अमक्याची बायको’ असे सांगितले. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी अशा नोंदी स्वीकारल्या नाहीत आणि सुमारे अठ्ठावीस लाख नावे यादीतून वगळली गेली. मत घ्यायचे तर नाव लागते, हा धडा कडवट होता, पण पुढच्या निवडणुकीपर्यंत तो पुरेसा पोचला.

खानदेशाने मताचे चीज केले. जळगाव जिल्ह्यातल्या नाडगावला १९ डिसेंबर १९३४ रोजी जन्मलेल्या प्रतिभाताई पाटील जळगावच्या मूळजी जेठा महाविद्यालयात शिकल्या, १९६२ मध्ये वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी जळगावमधून आमदार झाल्या आणि २००७ मध्ये देशाच्या पहिल्या महिला राष्ट्रपती झाल्या.

जमिनीवरचे नाव

एक गोष्ट मात्र मागेच राहिली, ती म्हणजे जमीन. १९३७ मध्ये हिंदू विधवेला नवऱ्याच्या मिळकतीत हिस्सा देणारा कायदा झाला. १९४१ मध्ये फेडरल कोर्टाने ठरवले की केंद्राचा हा कायदा शेतजमिनीला लागू होत नाही, कारण शेतजमीन हा प्रांतांचा विषय. खानदेशासारख्या शेतीच्या मुलखात जमीन वगळली तर मिळकत उरते किती? नंतर प्रांतांना वेगळे कायदे करावे लागले. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने मुलीला वारस केले. वडिलोपार्जित मिळकतीत जन्मापासूनचा वाटा महाराष्ट्राने १९९४ मध्ये दिला आणि देशाने २००५ मध्ये.

म्हणजे कागदावर आता काही बाकी नाही. तरीही भडगाव-पाचोऱ्याच्या कुठल्याही शिवारात दिवाळीच्या सुमारास जाऊन बघा. ओटी बांधून पऱ्हाटीतून कापूस वेचणाऱ्या जवळजवळ सगळ्या बायाच असतात. सातबाऱ्यावर त्यांतल्या कितीजणींची नावे असतात? बापाच्या पश्चात बहिणीने हक्कसोड पत्रावर सही करावी, हे आजही गृहीत धरले जाते. सही केली नाही तर आखाजीचे माहेर तुटेल, ही भीती तिच्या मनात असते, आणि ती खोटीही नसते.

दीडशे वर्षांचा हा हिशेब एक गोष्ट स्पष्ट सांगतो. बायांच्या बाजूचा प्रत्येक कायदा कुणीतरी मागितला, भांडून घेतला आणि नंतर वापरला तेव्हाच तो खरा झाला. जो वापरला गेला नाही तो कागदावर राहिला. म्हणून वाचकांना एकच सांगणे. तलाठ्याकडून घरचा सातबारा काढून बघा. त्यावर आईचे, बायकोचे, बहिणीचे नाव नसेल तर ते लागेल अशी व्यवस्था करा. आणि पुढच्या आखाजीला बहीण घरी येईल तेव्हा तिला साडीचोळी जरूर द्या, पण हक्कसोडाचा कागद तिच्यापुढे ठेवू नका.